पालथा पाव

आलाँसों, ९ नोव्हेंबर १९६०

ब्रेशार महाशय,

एकोणीस वर्षं मी तुमच्या कादंबऱ्यांची प्रुफं तपासते आहे, आणि आजवर आपलं बोलणं समासातच झालं. मी पेन्सिलीनं प्रश्नचिन्ह काढायचं, तुमच्याकडून त्यापुढे 'बरोबर' किंवा 'मूर्खपणा' असं लिहून यायचं. आज समास पुरेना, म्हणून कागद घेतला.

'नोटरीची छत्री'मधला खून छान जमलाय. खुनी कोण ते मला ऐंशीव्या पानापर्यंत कळलं नाही, एरवी तिसाव्या पानावर कळतं. पण फिलोमेन आत्याच्या स्वयंपाकघरात हे काय चाललंय? ऐन जुलैच्या उकाड्यात ती इन्स्पेक्टर वेर्नूलला कालवं खायला घालते. म्हणजे नोटरीनंतर दुसरा मुडदा त्याचाच पडायचा. सॅलडची पानं ती हातानं तोडायची सोडून सुरीनं कापते. चीजच्या तिकोनी तुकड्याचं टोक स्वतःच्या ताटात ओढून पाहुण्याला कडा ठेवते. आणि टेबलावर पाव पालथा, बूड वर करून! पालथा पाव जल्लादाचा म्हणतात; जेवायला तो येणार होता का?

लोक तुमची पुस्तकं स्टेशनवर खुनासाठी विकत घेतात, पण घरी जपून ठेवतात ती आत्यासाठी. वेर्नूल दिवसभर पाय झिजवून येतो, आत्या कांदा चिरता चिरता एकच प्रश्न विचारते आणि खुनी सापडतो. ही स्वयंपाकघराची पानं पूर्वी वेगळ्या अक्षरात, जांभळ्या शाईत यायची. त्यांत मला कधी काही शोधावं लागलं नाही. गेल्या तीन पुस्तकांपासून तीही टाइप करून येतात आणि दर वेळी पाव पालथा असतो. आधीच्या दोन पुस्तकांत मी गुपचूप सरळ केला. या वेळी म्हटलं, विचारावं.

मादाम ब्रेशार बऱ्या आहेत ना? त्यांना नमस्कार.

एर्मीन पासकिये,
मुद्रितशोधक


त्रूविल, १३ नोव्हेंबर १९६०

मादमोआझेल,

सरळ केलात? दोन्ही पुस्तकांत? कोणाला विचारून?

छापून आलेलं पुस्तक मी कधी उघडत नाही, त्यामुळे मला आज कळतंय. मी वर्षाला दोन कादंबऱ्या लिहितो. सकाळी सहाला टाइपरायटरच्या यंत्रापुढे बसतो, एक प्रकरण झाल्याशिवाय उठत नाही, अकराव्या दिवशी पुस्तक संपतं. मागं वळून बघत बसलो तर वेर्नूल उपाशी मरेल. प्रुफं माझी बायको ब्लांदीन बघायची. म्हणजे बघते. यंत्रावर खोडता येत नाही, माफ करा.

माझी बायको मजेत आहे. मनगट सुजलंय, डॉक्टरांनी लेखणी धरायला बंदी केली आहे, म्हणून जांभळी शाई बंद. सध्या बहिणीकडे गेली आहे.

तुमच्या कालवांचं काय करायचं ते करा. पण पाव मी ठेवलाय तसाच राहिला पाहिजे. ते घर आत्याचं आहे, तुमचं नव्हे.

ओक्ताव ब्रेशार


आलाँसों, २० नोव्हेंबर १९६०

ब्रेशार महाशय,

तुमचं पत्र आलं तेव्हा ती पानं छापून झाली होती. पाव सरळच गेला. इलाज नाही.

तुम्ही रागावलात त्याचं मला आश्चर्य वाटलं. 'मूर्खपणा' या एका शब्दापलीकडे तुमचा राग मी कधी पाहिला नव्हता. खरं सांगायचं तर पत्र मी दोनदा वाचलं. माझ्या पत्त्यावर विजेच्या कंपनीखेरीज फारसं कोणी लिहीत नाही. मी एकटी राहते. आमची बेकरीवाली मला बघितलं की पाव मधोमध कापते आणि अख्ख्या दुकानाला ऐकू जाईल अशा आवाजात विचारते, "अर्धाच ना, मादमोआझेल?" बारा वर्षं झाली, रोज विचारते.

तेव्हा पावाच्या बाबतीत मी थोडी हट्टी आहे, एवढं समजून घ्या. मादाम ब्रेशारच्या मनगटाला गरम मिठाच्या पाण्याचा शेक द्यायला सांगा.

एर्मीन पासकिये


त्रूविल, ६ मार्च १९६१

मादमोआझेल पासकिये,

सोबत 'साक्षीदार झोपला होता'. नेहमीपेक्षा तीन आठवडे उशीर झाला. प्रकाशक तारांवर तारा करतो आहे.

इथे हिवाळ्यात कुत्रं फिरकत नाही. हॉटेलांच्या खिडक्यांना फळ्या ठोकलेल्या, किनाऱ्यावर मी आणि एक म्हातारा, तोही बहिरा. रोज दुपारी मी दफनभूमीत चक्कर मारतो. कामच असतं तिथे. माझ्या खुन्यांची नावं मी थडग्यांवरून घेतो, कारण जिवंत माणसाचं नाव खुन्याला दिलं की तो वकील घेऊन येतो. मेलेले तक्रार करत नाहीत. येताना कॅफेत बसतो. मालकीण विचारते, "काय ब्रेशारसाहेब, आज कोणाला मारलंत?" मी म्हणतो, "अजून ठरायचंय, तुमचा नवरा कुठेय?" दिवसभरातलं माझं बोलणं बहुतेक एवढंच.

तुमचं ते अर्ध्या पावाचं वाचून हसलो आणि मग हसू गेलं. त्या अर्ध्या पावाबरोबर तुम्ही खाता काय? कोणी विचारत नसेल, म्हणून मी विचारतो.

आत्याच्या पानांवर हवी तेवढी पेन्सिल चालवा. फक्त पान ६१ वरचा पाव सोडून द्या. हात जोडतो.

ओ. ब्रेशार


आलाँसों, १ मे १९६१

ब्रेशार महाशय,

आज एक मे, आपल्या माणसाला मुगेची पांढरी फुलं द्यायचा दिवस, म्हणून पाकिटात एक तुरा ठेवला आहे. पोचेपर्यंत वाळेल, पण वास राहतो. गेल्या कित्येक वर्षांत मी हा तुरा कोणाला पाठवला नव्हता. फुलवालीनं दोनदा विचारलं, "कोणासाठी?" आणि चोपन्न वर्षांची बाई मी, लाजले.

मी काय खाते म्हणून विचारलंत. सोमवारी सूप करते, ते गुरुवारपर्यंत पुरवते. शुक्रवारी मासा. रविवारी कोंबडीचा एक पाय, आणि जेवताना समोर तुमची प्रुफं टेकवून ठेवते. नियमात बसत नाही, पान ३४ वर रश्श्याचा डाग दिसेल.

आता एक स्पष्ट लिहिते. मी भिडस्त आहे, पुन्हा लिहायचं धाडस होणार नाही. तुमच्यासारखा माणूस उन्हाळ्यात कालवं वाढत नाही. या चुका चुकून झालेल्या नाहीत, हे मला आता कळलंय. त्या मला सापडाव्यात आणि मी लिहावं म्हणून तुम्ही ठेवता. मला राग नाही. उलट पान ६१ वरचा पाव मी परवा मुद्दाम सरळ केला. म्हटलं, चिडून का होईना, पत्र लिहाल.

तुमची,
एर्मीन पासकिये


त्रूविल, ९ मे १९६१

मादमोआझेल,

हे काय केलंत! चौथं पुस्तक गेलं.

तुम्ही हुशार आहात, चुका मुद्दाम ठेवलेल्या आहेत हे बरोबर ओळखलंत. पण त्या तुमच्यासाठी नव्हत्या. माझी बायको बरी नाही, वाईट नाही, मनगट सुजलेलं नाही. ती घरात नाही. १९५९ च्या फेब्रुवारीत निघून गेली. पत्ता दिला नाही, चिठ्ठी ठेवली नाही. दोन वर्षं मी तुमच्यापासून दरवाजाशी येणाऱ्या टपालवाल्यापर्यंत सगळ्यांना सांगतोय, बहिणीकडे गेली आहे, येईल.

फिलोमेन आत्या ब्लांदीननं लिहिली. सगळीच्या सगळी, पहिल्या पुस्तकापासून. मुखपृष्ठावर नाव माझं. मुलाखतीत लोक विचारायचे, 'हा स्वयंपाक कुठे शिकलात?' आणि मी म्हणायचो, 'निरीक्षण!' ती शेजारी बसून हसायची. मला वाटायचं खूश आहे.

लिहिण्याच्या तंद्रीत मी पाव तोडून कसाही ठेवून द्यायचो. ती काही न बोलता सरळ करायची. सव्वीस वर्षं, रोज. शेवटच्या आठवड्यात तिनं तो सरळ केला नाही. आठ दिवस तो टेबलावर पालथा होता. माझ्या लक्षात आलं नाही. नवव्या दिवशी ती नव्हती, तेव्हा आलं.

तिची बहीण कुठे राहते हेही मी कधी विचारलं नव्हतं, आता मी तिला कुठे लिहू? तिच्यापर्यंत पोचणारी माझी एकच गोष्ट आहे, स्टेशनवरची पुस्तकं. मला वाटलं, कुठेतरी ती पुस्तक उघडेल, आत्याच्या टेबलावर पालथा पाव बघेल आणि तिच्या मस्तकात जाईल. शिव्या देणारं का होईना, पत्र येईल. चार पुस्तकांतून मी तिला हाक मारली आणि चारही वेळा तुम्ही ती समासात खोडलीत.

पुढच्या पुस्तकात तरी पाव सोडा. मी आयुष्यात कोणाला एवढी विनवणी केली नाही.

ओ. ब्रेशार


आलाँसों, ३० मे १९६१

ब्रेशार महाशय,

गैरसमज माझा होता. त्याबद्दल आपण पुन्हा बोलू नये, ही विनंती. तुरा फेकून द्या.

पुढच्या पुस्तकात पाव राहील. छापखान्याचे फोरमन ओरडतील, ते माझं मी बघून घेईन.

ए. पासकिये


त्रूविल, १८ ऑक्टोबर १९६१

मादमोआझेल पासकिये,

'धुक्यातला होडीवाला' बाहेर पडला. पहिल्यांदाच माझं छापलेलं पुस्तक उघडून पाहिलं. पान ५२, पाव पालथा. मी तुमचे आभार कसे मानू ते मला कळत नाही.

आजपर्यंत दोनशे चौदा पत्रं आली! खुनात तीन ढोबळ चुका होत्या, त्याबद्दल एक अक्षर नाही. सगळी पावाबद्दल. लिमोझच्या एका बेकरीवाल्यानं चार पानं लिहिली आहेत. त्याच्या आजोबांच्या दुकानात जल्लादासाठी रोज एक पाव पालथा बाजूला ठेवायचे आणि दुसरं कोणी त्याला शिवत नसे. म्हणून आजही जिथे पाव पालथा तिथे मरण, असं त्याचं म्हणणं. एका मठातल्या सिस्टरनं माझ्यासाठी प्रार्थना सुरू केली आहे. एका कर्नलनं विचारलंय, 'आत्या आजारी आहे का?'

मी प्रत्येक पाकीट पहिल्यांदा उन्हाकडे धरतो. निळी शाई, काळी शाई, एकानं तर तांबड्या शाईत लिहिलं. जांभळी नाही.

तुमच्या छापखान्याच्या पत्त्यावर काही आलं तर लगेच कळवा. तुमच्याशिवाय मला हे कोणाला विचारता येत नाही.

तुमचा,
ओक्ताव ब्रेशार


बूर्ग, ४ नोव्हेंबर १९६१

मादमोआझेल,

पुस्तकाच्या शेवटच्या पानावर छापखान्याचा पत्ता असतो, तिथे पाठवते आहे. तुम्ही मला ओळखत नाही, पण मी तुमची पेन्सिल ओळखते. समासात 'मूर्खपणा' लिहून यायचं ते ओक्तावचं, मी पान त्याच्यापुढे धरलं की. 'बरोबर' लिहायचे ती मी.

मी इथे बहिणीच्या खाणावळीत काम करते. ओक्तावचं पुस्तक आलं की दुकानात उभी राहून आत्याची तेवढी पानं वाचायची, विकत घ्यायचं नाही, असं ठरवलं होतं. पहिल्यांदा भीत भीत उघडलं. म्हटलं, आता हा काय गोंधळ घालणार. तर पाव सरळ! सॅलड हातानं तोडलेलं. दुसऱ्या पुस्तकातही तसंच, तिसऱ्यातही. भाषा ओबडधोबड होती, म्हणजे त्याचीच होती. चौथं मी विकत घेतलं. बहिणीला म्हटलं, "बघ, माणूस शिकला गं. सव्वीस वर्षं बघितलं नाही, पण आता बघतोय." ती म्हणाली, "तुला जायचंय तर जा, तोंड कशाला लपवतेस?" मी बॅग काढून ठेवली होती. नवं पुस्तक आलं की ते वाचत गाडीत बसायचं ठरवलं होतं.

नवं पुस्तक आलं. पान ५२.

मग सगळं कळलं. इतके दिवस पाव सरळ करत होता तो ओक्ताव नव्हताच. तुम्ही होता. या वेळी तुमची नजर चुकली एवढंच. तुम्हाला बोल लावत नाही. उलट इतकी वर्षं आत्याचं घर तुम्ही नीट राखलंत, त्याबद्दल आभार मानायला लिहिलं.

ब्लांदीन ब्रेशार


आलाँसों, ८ नोव्हेंबर १९६१

मादाम,

माझी नजर चुकली नव्हती. मी पाव तसाच ठेवला, कारण ब्रेशार महाशयांनी विनवणी केली. तो त्यांनी मुद्दाम पालथा ठेवला होता, तुमच्यासाठी. तुम्ही चिडावं आणि लिहावं म्हणून. पाचही पुस्तकांत. आधीची चार मी बिघडवली. की सुधारली, मला आता कळत नाही.

ते फार एकटे आहेत. दोनशेच्या वर पाकिटं त्यांनी उन्हाकडे धरून पाहिली, जांभळी शाई दिसते का म्हणून. यात माझा काही स्वार्थ नाही, असं पुढे लिहिणार होते. ते खोटं झालं असतं, म्हणून लिहीत नाही. पण बॅग अजून बाहेर असेल तर आत ठेवू नका. माझ्या हातून एवढं मोठं नुकसान झालंय हे घेऊन मला जगता येणार नाही.

एर्मीन पासकिये


बूर्ग, १५ नोव्हेंबर १९६१

मादमोआझेल एर्मीन,

तुमच्या हातून काही नुकसान झालेलं नाही. जे नव्हतंच ते कसं बिघडवाल?

म्हणजे मी यावं आणि पाव सरळ करावा, म्हणून त्यानं तो पालथा ठेवला. अहो, याच कामाला कंटाळून तर मी निघाले. त्याला वाटतं त्यानं मला हाक मारली. मला ते तेच जुनं वाटलं, 'ब्लांदीन, बघ जरा.' शेवटच्या आठवड्यात मी आठ दिवस वाट बघितली, पावाकडे एकदा हात जाईल म्हणून. तेवढा गेला असता तर मी आज तिथेच असते. माझी मागणी याहून मोठी कधीच नव्हती.

त्याला यातलं काही सांगू नका. सांगितलंत तर तो सरळ करेल, मला दाखवायला करेल, आणि मग फोटो काढून पाठवेल. मी त्याला ओळखते. कोणी बघत नसताना करू दे एकदा. नाही केलं तर नाही.

इथे चाळीस माणसं जेवायला असतात. आपापला पाव जो तो सरळ ठेवतो. बॅग मी माळ्यावर टाकली आहे. शिडी मात्र अजून तिथेच आहे, बहीण रोज तिला अडखळते आणि मला शिव्या घालते.

तुम्ही रविवारी एकट्या जेवू नका. कोणाला तरी बोलवा.

ब्लांदीन


आलाँसों, २ डिसेंबर १९६१

ब्रेशार महाशय,

तुम्ही विचारलं होतं. नाही, तुम्हाला द्यावं असं काही छापखान्याच्या पत्त्यावर आलेलं नाही.

नव्या हस्तलिखितात पान ४४ वर पाव पुन्हा पालथा आहे. या वेळी मी समासात काही लिहिलेलं नाही, तुम्ही ठरवा. यापुढे तुमची पुस्तकं दुसऱ्या कोणाकडे द्यावीत, असं मी फोरमनना सांगितलंय. माझे डोळे दुखतात. हे कारण तुम्ही तुमच्या मनगटाच्या कारणाशेजारी ठेवलंत तरी चालेल.

जाण्याआधी एकच शंका. मुद्रितशोधकानं फक्त विचारायचं असतं, म्हणून विचारते. आत्याच्या टेबलावरचा पाव कसा आहे, हे आपण दोघांनी वर्षभर पाहिलं. तुमच्या स्वतःच्या टेबलावरचा कसा आहे?

एर्मीन पासकिये


त्रूविल, ५ डिसेंबर १९६१

मादमोआझेल एर्मीन,

तुमचं पत्र सकाळी आलं. वाचून चिडलो. म्हटलं, ही बाई आता माझ्या घरात शिरली. पत्र खिशात घालून दफनभूमीत जाऊन आलो, एका खुन्याला नाव मिळालं. घरी येऊन यंत्राकडे गेलो नाही, सरळ स्वयंपाकघरात गेलो.

पालथा होता. त्याच्या बुडावर धूळ आणि सिगारेटची राख होती. सहा पुस्तकांत मी हा पाव लिहिला, त्याच्यावरून तुमच्याशी भांडलो, आणि त्याच टेबलाशी बसून रोज त्याचाच तुकडा तोडून खात होतो. किती दिवसांचा पालथा असेल, कोण जाणे. हा नव्हे तर याच्या आधीचा, त्याच्याही आधीचा. तीन वर्षांत मी एकदाही पाहिलं नाही.

राख झटकली आणि सरळ केला. दोन सेकंदांचं काम होतं. मग खुर्चीत बसून राहिलो. पान ४४ वर काय करायचं ते अजून सुचलेलं नाही, आणि खरं म्हणजे ते आता तितकंसं महत्त्वाचं वाटत नाही.

मी पाव सरळ केला हे कोणाला तरी सांगावंसं वाटलं. घरात कोणी नाही, म्हणून तुम्हाला लिहितोय.

ओक्ताव